ट्रकची भाडी आणि सिनेमा

चि. मुक्ता हिस अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर म्हणालीस, "बाबा, बाकीचे सिनेमा करतात आणि मी ट्रकची भाडी ठरवते." आई हसली. मला काही हसू आलं नाही. सिनेमाच्या प्रॉडक्शनमधली माझी सगळी नोकरी त्याच भाड्यांत गेली. म्हणून आज जरा सविस्तर लिहितो.

तू पोलंडमध्ये शिकतेस, तिथलंच एक नाव सांगतो. बार्बरा पेत्स-श्लेशित्स्का. दिग्दर्शक आंद्रेय वाइदांच्या सिनेमांची प्रॉडक्शन मॅनेजर, म्हणजे पैसे, तारखा, माणसं, गाड्या सगळं जुळवणारी. 'प्रॉमिस्ड लँड', 'मेड्स ऑफ विल्को', 'मॅन ऑफ आयर्न' या तिन्हींना परभाषिक चित्रपटाचं ऑस्कर नामांकन मिळालं आणि तिन्हींच्या श्रेयनामावलीत ही बाई आहे. वाइदांवर लिहिलेलं ढीगभर सापडतं. हिच्याबद्दल चार ओळी मिळायची मारामार. आपल्या धंद्याची रीतच ती, त्याचं वाईट वाटून घेऊ नकोस.

'मॅन ऑफ आयर्न'चं वेळापत्रक जरा मांडून बघ. गदान्स्कच्या गोदीतला संप ऑगस्ट १९८० मधला, करार झाला ३१ तारखेला. संपाच्या दिवसांत वाइदा गोदीत गेले होते, तेव्हा एक कामगार त्यांना म्हणाला, आता आमच्यावर सिनेमा करा. आणि मे १९८१ मध्ये तो सिनेमा कान महोत्सवात पाम द'ओर, म्हणजे तिथला सर्वोच्च पुरस्कार, घेऊन मोकळा! पटकथा, परवानग्या, शूटिंग, एडिटिंग, प्रिंट, सगळं नऊ महिन्यांत. संपाचा पुढारी लेक वालेसा त्यात स्वतःच्याच भूमिकेत दिसतो. आपण इथे हिरोच्या तारखा मिळत नाहीत म्हणून रडतो. त्या वर्षी देश हलवून सोडणाऱ्या माणसाच्या तारखा कशा जुळवल्या असतील, याचा विचार करूनच मला घाम फुटतो.

त्यात टंचाई. साखरेला तिथे १९७६ पासून रेशनचं कूपन होतं, मांसाला १९८१ च्या एप्रिलपासून लागलं. युनिटला जेवू घालणारा माणूस मी, त्यामुळे माझं लक्ष आधी तिकडेच गेलं. थंडीत रात्रपाळीला उभ्या गर्दीला गरम काही मिळालं नाही, तर तिसऱ्या टेकपर्यंत अर्धी माणसं गायब होतात. डायरेक्टरला कळतं ते एवढंच, की फ्रेम रिकामी दिसते आहे.

पुढे १३ डिसेंबर १९८१ ला मार्शल लॉ लागला आणि सिनेमा थिएटरांतून उतरवला गेला. वाइदांचं 'एक्स' हे निर्मिती युनिट १९८३ मध्ये बरखास्त झालं. शेड्यूल आठ महिने पुढे ढकललं असतं, तर हा सिनेमा झालाच नसता. तारीख सांभाळणं हे काम कारकुनी आहे, असं तुझ्या वर्गात कोणी म्हणालं तर त्याला हे सांग.

आणि 'प्रॉमिस्ड लँड' बघायला तुला तुझं वुच शहर सोडून कुठे जायलाच नको. तुमच्या फिल्म स्कूलच्या टार्गोवा रस्त्यावरून चालत गिरणीमालक शायब्लरच्या वाड्यात जा, आता तिथे सिनेमाचं म्युझियम आहे. गिरणीमालकांच्या ऐश्वर्याचे प्रसंग तिथे चित्रित झालेत. कापडगिरण्याही खऱ्या, जुने माग तोवर चालू होते. पडद्यावर तो खडखडाट भव्य वाटतो. आपल्या नजरेने बघ: माग कोण चालवणार, पाळी कधी सुटते, काम थांबलं तर नुकसान कोण भरणार, दिवे बसवायला किती वेळ मिळणार. हे सगळं आधी कोणीतरी कागदावर मांडलं, मगच कॅमेरा आत गेला.

तुझ्या डिप्लोमा फिल्मचं बजेट मला पाठव. जेवणाचा आकडा तू नक्की कमी धरला असशील, तो आत्ताच वाढव. कंटिन्जन्सीचा, म्हणजे ऐनवेळच्या खर्चाचा, रकाना रिकामा ठेवू नकोस. आणि ट्रकवाल्याशी येण्या-जाण्याचं भाडं ठरवलं असशील, तर थांबण्याचे तासही त्यातच लिहून घे. नंतर भांडण होतं ते नेमकं त्यावरून.

तुझा,
बाबा