उदोन पायाने तुडवतात, हसू नका

संपादक साहेब, नमस्कार,

रविवारच्या पुरवणीतला जपानी खाण्यावरचा लेख वाचला, पण सगळं सुशी नि रामेनच, उदोनचं, म्हणजे गव्हाच्या जाड शेवयांचं, नावच नाही म्हणून लिहितेय. मागच्या नोव्हेंबरात शिकोकू बेटावर कागावाला गेले होते, त्याचं जुनं नाव सानुकी, प्रसिद्ध सानुकी उदोन तिथलेच. एका आजींकडे अर्धा दिवस शिकले. सामान काय तर गव्हाचं पीठ, मीठ, पाणी! पण मिठाचं गणित ऋतूवर, भर उन्हाळ्यात १ वाटी मिठाला ३ वाट्या पाणी, कडक थंडीत ६, एरवी ५. मग गोळा प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून चक्क पायाने तुडवायचा (मोजे घालून हां), चपटा झाला की घडी घालून परत. माझ्या पोटऱ्या भरून आल्या.

खरी मजा दाशीत, म्हणजे ज्यावर रस्सा बनतो त्या चवदार पाण्यात. तिकडे इरिको घालतात, म्हणजे सुकवलेली बारीक मासळी, आपल्या मांदेलीची लांबची बहीण म्हणा. डोकं नि पोट काढायचं असतं, मी आळस करून मूठभर तशीच टाकली तर पाणी कडू, आजी काही बोलल्या नाहीत, भांडं ओतून दिलं नि परत पाणी ठेवलं. कोंबू हे समुद्री शेवाळ उकळी फुटायच्या आधी काढायचं. याच कोंबूवरून प्रोफेसर इकेदांनी १९०८ मध्ये उमामी, म्हणजे गोड, आंबट, खारट, कडू यांच्याशिवायची पाचवी चव, शोधली.

आणि हे जरूर छापा, उदोनवर नुसती भाजी दिसली तरी ते बहुधा व्हेज नसतं बरं का, रश्श्यात सहसा मासळी असते. शाकाहारी असाल तर कोंबू नि सुक्या शिताके मशरूमची दाशी मिळते का आधी विचारा.

एक वाचक, रत्नागिरी