'जोकर' ही शिवी नाही हो

संपादक साहेब, नमस्कार.

परवा सभागृहातल्या गोंधळाच्या बातमीला तुम्ही 'जोकरांचा धिंगाणा' असं हेडिंग दिलंत ते वाचून राहवलं नाही, म्हणून लिहितोय. त्या मंडळींची बाजू घ्यायची नाहीये, जोकरांची घ्यायचीय.

दिमित्री म्हणून एक स्विस क्लाउन होता. 1935 ला अस्कोनात जन्म, वडील शिल्पकार. सात वर्षांचा असताना क्नी सर्कशीत एक क्लाउन बघितला आणि तेव्हाच ठरवलं की आपण हेच व्हायचं, पण आधी रीतसर कुंभारकाम शिकला, मग पॅरिसला जाऊन देक्रू नावाच्या गुरूकडे माइम, म्हणजे न बोलता अंगाने करायचा अभिनय. आता देक्रू म्हणजे चेहऱ्यावर खेळणारा माणूस नाही, त्याचा सगळा जोर धडावर, मान छाती कंबर एकेक वेगळी हलवता आली पाहिजे असा हिशोब. नंतर मार्सेल मार्सो या प्रसिद्ध फ्रेंच माइम कलाकाराच्या कंपनीत. शिवाय सर्कशीत ऑगस्टचं काम केलं. सर्कशीत पांढऱ्या तोंडाचा क्लाउन शहाणा आणि हुकूम सोडणारा असतो, आणि ऑगस्ट म्हणजे प्रत्येक गोष्टीत घोळ घालणारा, बोलणी खाणारा.

1959 पासून तो एकट्याने शो करायला लागला. त्यात तो एक हमाल रंगवायचा, लोकांच्या बॅगा उचलायच्या सोडून उघडून बघणारा, आणि आतून वाद्यं निघायची. बोलणं जवळपास नाहीच. मला यातली गंमत अशी वाटते की असा घोळ घालायला आधी ते वाद्य नीट वाजवता यावं लागतं, तोल जातोय असं दाखवायला तोल पक्का लागतो, आणि एवढं सगळं येत असून 'मला काहीच येत नाही बुवा' असा चेहरा ठेवायचा. ते सगळ्यात अवघड असावं. (आपल्याकडे उलटं चालतं, असो.)

ज्या क्नी सर्कशीत लहानपणी तोंड उघडं टाकून बसला होता त्याच सर्कशीबरोबर 1970, 1973 आणि 1979 ला दौरे केले. मध्ये 1971 ला बायकोसोबत (तिचं नाव गुंडा) स्वित्झर्लंडमधल्याच वेर्शो नावाच्या लहानशा गावात थिएटर काढलं, 1975 ला तिथेच अंगाच्या हालचालींनी करायच्या नाटकाची शाळा, आज तिथे या विषयात डिग्री मिळते. मुलंही याच लाइनमध्ये आली. 2016 मध्ये गेला, 80 वर्षांचा होता.

म्हणजे देहाचा एकेक सांधा घासून तयार केलेला माणूस, तोंडातून शब्द न काढता हसवणारा. आणि तुमच्या बातमीतले? दोन तास माइक तोडेपर्यंत ओरडत होते, हसलं कोणीच नाही.

तेव्हा पुढच्या वेळी हेडिंगला दुसरा शब्द बघा. 'धटिंगण' चालेल, तेवढ्याच जागेत बसतो.

आपला,
एक वाचक