मधला ‘सि’

पुणे, रविवार

चि. सानू,
अनेक आशीर्वाद.

अर्ज पोचला. दोनदा वाचला. वर तू लिहिलं आहेस, ‘बाबा, फक्त इंग्रजी बघ, बाकी काही सांगू नकोस.’ बरं. फक्त इंग्रजीच बघतो. गेल्या रविवारी फोनवर जे झालं त्याचा विषय या पत्रात काढायचा नाही, असं तुझ्या आईला कबूल करून मग टेबलाशी बसलो आहे.

अर्ज चांगला उतरलाय. कामाबद्दलचा भाग तर फारच नेटका, एक विशेषण फुकट गेलेलं नाही. शालूमावशीला फोनवर वाचून दाखवला, तिला निम्मा कळला नाही तरी तिने दोनदा ‘वा’ म्हटलं. अडलं ते दुसऱ्या परिच्छेदात. ‘थ्री यीअर्स ऑफ सलिसिट्यूड टॉट मी टू रन अ हाउसहोल्ड.’ तुला म्हणायचं होतं सॉलिट्यूड, म्हणजे एकटं राहणं. मध्ये एक ‘सि’ जास्तीचा पडला आणि वाक्य झालं, ‘तीन वर्षांच्या काळजीने मला घर चालवायला शिकवलं.’ कॉम्प्युटर लाल रेघ मारत नाही, कारण दोन्ही शब्द कोशात आहेत. ही चूक फक्त वाचणाऱ्याच्या डोळ्याला टोचते, आणि नोकरी देणारा माणूस हा वाचणाराच असतो.

आधी उच्चार पक्का कर, म्हणजे हात चुकणार नाही. सॉलिट्यूडचा जोर पहिल्या अक्षरावर, ‘सॉ’ ठसठशीत. सलिसिट्यूडचा जोर दुसऱ्यावर, ‘लि’वर, पहिलं ‘स’ जवळजवळ गिळायचं. अमेरिकेत शेवट ‘टूड’ होतो, इंग्लंडात, तुझ्या लीड्समध्ये, ‘ट्यूड’. रविवारी तू ‘बरी आहे’ म्हणालीस तेव्हा ‘बरी’ आणि ‘आहे’च्या मध्ये खोकलीस, तेही ऐकू आलं. असो.

दोन्ही शब्दांची घराणी वेगळी आहेत. लॅटिनमधला एका ‘एल’चा सोलस म्हणजे एकटा, त्याच्यापासून सॉलिट्यूड, सोलो वगैरे. दोन ‘एल’चा सोलस म्हणजे आख्खा, सबंध. त्याला जोडला सिटस, म्हणजे हलवलेला. ‘एक्साइट’मधला ‘साइट’ याच्याच नात्यातला. तर सोलिसिटस म्हणजे सगळाच्या सगळा हलवून सोडलेला माणूस, रवीखालच्या ताकासारखा. हा शब्द फ्रेंचमधून पंधराव्या शतकात इंग्रजीत आला आणि पुढे इंग्रजीने त्यातला एक ‘एल’ गाळला. तो गाळला नसता तर तुझा घोटाळा निम्म्याने कमी झाला असता.

आता अर्थ. जुना अर्थ नुसती अस्वस्थता, मनाची घालमेल. नंतर ती घालमेल दुसऱ्यासाठी व्हायला लागली, आणि मग घालमेलीपोटी माणूस जे करतो, विचारपूस, उठबस, पांघरूण सारखं करणं, तेही त्याच शब्दात शिरलं. हे थर कुठल्या क्रमाने चढले हे बघायचं असेल तर ऐतिहासिक कोश उघडायचा. तिथे सगळ्यात जुना अर्थ आधी असतो आणि प्रत्येकाखाली उतारे. आपल्या येरवड्याला डेक्कन कॉलेजात १९४८ पासून संस्कृतचा असा कोश चालू आहे, तुला शाळेतून नेलं होतं तेव्हा चिठ्ठ्यांची कपाटं बघून तू विचारलं होतंस, ‘यात माझं नाव सापडेल का?’ विद्यार्थ्यांच्या कोशात मात्र आजचा चालू अर्थ आधी असतो. तू मोबाइलवर पहिली ओळ वाचून कोश मिटतेस म्हणून तुला फक्त ‘केअर’ दिसतं आणि खालची घालमेल दिसत नाही. हे ओरडणं नव्हे.

मराठीला हा शब्द अवघड जातो असं म्हणतात. मला तसं वाटत नाही. आपल्याकडे काळजी हे एकच नाम आहे आणि अर्थ क्रियापद ठरवतं. काळजी वाटते, काळजी करतो, काळजी घेतो. रात्री अडीचला घड्याळाकडे बघत लीड्समध्ये आता नऊ वाजले असतील असा हिशेब मांडतो, ते करणं. खोकल्याला गरम पाणी पितो ते घेणं. इंग्रजीत ही सोय नाही, सलिसिट्यूड हे करणं आणि घेणं एकाच भांड्यात ओततं. म्हणून भाषांतर करताना आधी वाक्यात कुठलं क्रियापद लपलंय ते शोधायचं. सगळीकडे ‘चिंता’ ठोकून देणारे असतात, त्याने वाक्य आजारी वाटतं. ‘विथ ग्रेट सलिसिट्यूड’ला मी ‘मोठ्या आस्थेने’ म्हणेन, आणि सलिसिटस माणूस म्हणजे आपला आस्थेवाईक. ‘ही इन्क्वायर्ड सलिसिटसली अबाउट हर कफ’, त्याने तिच्या खोकल्याची आस्थेने चौकशी केली. दुसरं उदाहरण सुचायला हवं होतं, सुचलं नाही.

वापरातल्या खाचाखोचा. माणसासाठी असेल तर पुढे ‘फॉर’: सलिसिट्यूड फॉर द चाइल्ड. गोष्टीबद्दल असेल तर ‘अबाउट’ही चालतो. एकवचनातच राहू दे. ‘सलिसिट्यूड्स’ जुन्या गद्यात भेटतं, विवंचना या अर्थाने, आज लिहिलंस तर नाटकी वाटेल. ‘अँक्शस सलिसिट्यूड’ लिहू नकोस, घालमेल दोनदा होते. शब्द भारदस्त आहे, ऑफिसच्या मेलमध्ये ‘थँक यू फॉर युअर सलिसिट्यूड’ लिहिलंस तर समोरच्याला वाटेल आपल्याला टोमणा मारलाय. तिथे ‘कन्सर्न’ पुरे. आणि टोमणा हा या शब्दाचा खरोखरच एक धंदा आहे. ‘टचिंग सलिसिट्यूड’ असं कुणी लिहिलं की दहात आठ वेळा त्याला म्हणायचं असतं, ‘पुतनामावशीचा कळवळा’.

सगळ्यात महत्त्वाचं, हा शब्द सहसा स्वतःबद्दल वापरत नाहीत. ‘माय सलिसिट्यूड फॉर माय पेशंट्स’ म्हणजे स्वतःच स्वतःच्या पाठीवर थाप. दुसऱ्याने आपल्याबद्दल म्हणावा असा तो शब्द आहे, कौतुकाने किंवा वैतागून. तू परवा फोनवर मला काय म्हणालीस ते इंग्रजीत याच शब्दाने म्हणता आलं असतं, थोड्या कमी आवाजात.

नातेवाईक शब्दांपैकी दोनच सांगतो. सॉलिसिटर, म्हणजे मुळात दुसऱ्याच्या कामाचा पाठपुरावा करणारा. आणि इन्सूसियन्स. हा फ्रेंचमधून अठराव्या शतकाच्या अखेरीस आलेला, मूळ तेच, फक्त पुढे नकार. बेफिकिरी. वीस वर्षांच्या पोरापोरींना तो शोभून दिसतो आणि त्यांच्या घरच्यांच्या जिवाला घोर लावतो.

लॅटिन बायबलमध्ये मार्थाची गोष्ट आहे. घरी येशू आलाय, बहीण मेरी त्याच्या पायाशी बसून ऐकतेय आणि मार्था वाढण्याच्या धावपळीत. तिला तो म्हणतो, मार्था, तू ‘सोलिसिता’ आहेस. १६११च्या इंग्रजी बायबलने तिथे ‘केअरफुल’ घातलं, कारण तेव्हा केअरफुलचा अर्थ काळज्यांनी भरलेली असा होता, जपून वागणारी असा नव्हे. ते वाचताना मला गौरीजेवणाच्या दिवशीची शालूमावशी दिसते. सोळा भाज्या झाल्या, पंचामृत झालं, पंगत बसली, तरी ही ओट्याशी, ‘कुणाला काय हवं’ विचारत. कुणाला काही नको असतं. तिला बसवत नाही.

आजीचं वेगळं होतं. तू टिळक रोडच्या क्लासहून रात्री नऊला यायचीस. आजी बोळातला दिवा लावून पलंगावर बसलेली. खाली तुझ्या गाडीचा स्टँड लागल्याचा आवाज आला की ती दिवा घालवायची आणि भिंतीकडे तोंड करून झोपल्याचं सोंग घ्यायची. तुला वाटायचं, आजी आठलाच झोपते. दहावीपासून चार वर्षं तुला ते कळलं नाही. कोशात या शब्दाखाली उतारा घालायचा झाला तर मी तो दिवा घालीन, लावण्यापेक्षा घालवलेला. मी मूळ मुद्दा सोडून कुठे गेलो बघ.

मूळ मुद्दा. १९२७ मध्ये मार्टिन हायडेगर या जर्मन तत्त्वज्ञाने ‘फ्यूरझोर्गे’, म्हणजे दुसऱ्यासाठीची काळजी, या जर्मन शब्दावर बरंच लिहिलं. तिकडे गोरगरिबांच्या सरकारी मदतीलाही तोच शब्द होता. १९६२ मध्ये मॅक्वारी आणि रॉबिन्सन यांनी ते इंग्रजीत आणलं. ‘केअर’ त्यांनी ‘झोर्गे’ला, म्हणजे नुसत्या काळजीला, देऊन टाकला होता, म्हणून फ्यूरझोर्गेला सलिसिट्यूड मिळाला. हा गृहस्थ १९३३ मध्ये नाझी पक्षात गेला, तेव्हा माणसांच्या काळजीबद्दल त्याच्याकडून शिकावं का हा प्रश्नच आहे. पण त्याने एक भेद नेमका सांगितलाय. एक काळजी दुसऱ्याच्या जागी उडी घेते. त्याचं काम स्वतः उरकून टाकते, तो बाजूला उभा राहतो आणि न कळत परावलंबी होतो. दुसरी त्याच्या पुढे उडी घेते. ओझं काढून घेत नाही, ते त्याचं त्याला दिसावं, पेलावं, एवढंच बघते.

तुझ्या घरमालकीणबाईंना फोन करून ‘माझी मुलगी दार उघडते का बघा’ म्हणणं ही पहिल्या जातीची उडी. ते मला त्याच रात्री कळलं होतं. तू तीन वेळा फोन उचलला नव्हतास, तू झोपली होतीस, औषध घेऊन झोपलेलं माणूस फोन उचलत नाही, हेही कळत होतं. मन चिंती ते वैरी न चिंती. त्या बाई बिचाऱ्या पावसात दोन जिने चढून आल्या, तुला कानकोंडं झालं. चुकलंच माझं. रागावून तू जे बोललीस त्यातलं निम्मं बरोबर होतं, कुठलं निम्मं ते तू ठरव.

पण मग दुसऱ्या जातीची उडी कशी घ्यायची, पुण्याहून? मला एवढंच जमतंय. तिकडची सरकारी आरोग्यसेवा स्वतःच सांगते की खोकला तीन आठवड्यांच्या वर गेला तर डॉक्टरांना दाखवा. तुझा दिवाळीच्या आधी सुरू झाला, फराळाचं पार्सल तुला पोचलं तेव्हा चकली खाताना ठसका लागला म्हणून तू हसत होतीस. मोजून बघ. वेळ मिळत नसेल तर एकशे अकरावर फोन करून विचारता येतं. मी करणार नाही. माझ्याकडे नंबर आहे, तरी करणार नाही.

आता ते वाक्य. ‘सॉलिट्यूड’ घातलंस तर शब्द बरोबर होईल, पण नोकरीच्या अर्जाला तो जरा कवितेतला वाटतो, आणि त्यात एक उसासा आहे. मी म्हणेन, ‘थ्री यीअर्स ऑफ लिव्हिंग ऑन माय ओन’. साधं, आणि त्यात तक्रार नाही. आधी मला वाटलं तू मुद्दाम तो जड शब्द निवडलास, आमच्यावर. मग वाटलं, की एकटेपण लिहायला गेलीस आणि बोटांनी काळजी लिहिली. दोन्ही काही नसेल. नुसता ‘सि’ जास्त पडला असेल.

तिसऱ्या पानावर ‘प्रॅक्टिस’ दोन ठिकाणी वेगळं लिहिलंयस. ब्रिटिश पद्धतीत नाम असेल तर शेवटी ‘सीई’, क्रियापद असेल तर ‘एसई’. बाकी ठीक. सुधारून पुन्हा पाठव, गुरुवारच्या आत, म्हणजे मला शुक्रवारी सकाळी बघता येईल. निळा स्वेटर घाल.

तुझा,
बाबा

ता. क. आईने वाचलं. म्हणाली, ‘फक्त इंग्रजी बघायला सांगितलं होतं ना?’ तिने पेन्सिलीने खोकल्याभोवती गोल केलेत, चार. ते खोडून टाकायला सांगतेय. राहू देत, तुला मोजायला सोपं.