आठ पैशांचे पोहे

माननीय संपादक महोदय,

दिवाळीच्या पहिल्या दिवशी गोव्यात घरोघरी दुधातले, ताकातले, रसातले असे निरनिराळे पोहे होतात. त्यांच्या खरेदीसाठी फोंड्याच्या एका दुकानात गेलो असता जी फसगत झाली, ती आपल्या वाचकांपुढे मांडू इच्छितो. ५०० ग्रॅमच्या पाकिटाची किंमत ४२ रुपये होती, तर ९०० ग्रॅमच्या पाकिटाची ६८ रुपये. दोन्हींवर कमाल किमतीच्या खाली, चष्मा पुसून वाचावा लागेल अशा बारीक अक्षरांत, एकच दर होता : ‘०.०८ रुपये प्रति ग्रॅम’. भाव सारखाच आहे, अशा समजुतीने मी लहान पाकिटे उचलली. घरी पावतीच्या पाठीवर भागाकार मांडला, तेव्हा पहिल्याचा दर ०.०८४ आणि दुसऱ्याचा ०.०७५६ निघाला. म्हणजेच किलोला ८४ रुपये आणि ७५ रुपये ५६ पैसे.

यात दुकानदाराचा दोष नाही. वैध मापनशास्त्र (आवेष्टित वस्तू) नियम, २०११ मध्ये २०२१ साली झालेल्या दुरुस्तीनुसार एक किलोहून कमी वजनाच्या पाकिटावर दर प्रति ग्रॅम, आणि तोही दोन दशांश स्थळांपर्यंतच, म्हणजे जवळच्या पूर्ण पैशाला आणून, छापायचा असतो. ग्रॅममागे एक पैसा म्हणजे किलोमागे दहा रुपये. त्यामुळे किलोला ७५ रुपयांपासून जवळजवळ ८५ रुपयांपर्यंतचे सगळे भाव ‘०.०८’ या एकाच आकड्यात बसतात. उलट ५०० ग्रॅमला ३७ रुपये असते, तर छापील दर ०.०७ झाला असता आणि किलोमागचा दीड रुपयाचा फरक ग्राहकाला दहा रुपयांचा वाटला असता. वेलचीसारख्या महाग जिनसेला ही पद्धत चालून जाते. रवा, पोहे, पीठ यांना नाही, आणि महिन्याच्या सामानात भर असते ती यांचीच.

याच दुरुस्तीने चहा, बिस्किटे, खाद्यतेल अशा वस्तूंच्या पाकिटांची ठरावीक वजने रद्द झाली. वजनांना धरबंध राहिला नाही, म्हणून तुलनेसाठी दर छापणे आले. आणि तुलना करू पाहावी, तर तोच आकडा पांगळा. बाजारात ‘शंभराला सहा बांगडे’ म्हणणारीचा हिशेब याहून सरळ असतो, शिवाय घासाघीस केली तर ती सातवा टाकते.

दर प्रति किलो छापणे सक्तीचे करावे, निदान प्रति १०० ग्रॅम तरी, अशी शिफारस राज्याच्या वजन-माप खात्याने केंद्राकडे करावी, ही विनंती. तोवर ग्राहकांनी छापील दर सोडून किमतीकडेच पाहावे : २०० ग्रॅम असेल तर पाचपट, ५०० असेल तर दुप्पट, आणि ९०० असेल तर नऊने भागून दहापट.

आपला विश्वासू,
एक वाचक, फोंडा