व्हल्कन म्हणजे काय, याविषयी आई-बाबांना

तीर्थरूप आई-बाबांना शिरसाष्टांग नमस्कार.

बाबा, नौपाड्याच्या घरातील संगणकावरच्या प्रोग्रॅमच्या यादीचा तुम्ही पाठवलेला फोटो मिळाला. ज्या 'व्हल्कन रन टाइम लायब्ररीज' या नावावर तुम्ही खूण केली आहे तो व्हायरस नाही, त्यामुळे ते काढून टाकू नका. "घरात गेम खेळणारे कोणी नाही, मग हे आले कुठून?" हा तुमचा प्रश्न मात्र रास्त आहे.

व्हल्कन हा प्रोग्रॅम आणि ग्राफिक्स कार्ड यांच्यामधला दुभाषा आहे. पडद्यावर चित्र उमटवण्यासाठी गेम किंवा त्रिमितीय चित्रांचे सॉफ्टवेअर त्याच्यामार्फत कार्डाला आज्ञा देते. क्रोनोस ग्रुप या कंपन्यांच्या संघाने तो फेब्रुवारी २०१६ मध्ये प्रसिद्ध केला. ओपनजीएल हेच काम १९९२ पासून करत आले आहे. एनव्हिडिया, एएमडी आणि इंटेल या ग्राफिक्स चिप बनवणाऱ्या तिन्ही कंपन्या आपल्या ड्रायव्हरसोबत, म्हणजे कार्ड चालवणाऱ्या सॉफ्टवेअरसोबत, व्हल्कनचे भाग देतात, कारण तुम्ही गेम खेळता की नुसती कीर्तने ऐकता हे त्यांना कळायला मार्ग नसतो. आधी विचारले असते तर बरे झाले असते, असे मलाही वाटते.

तुमचा संशय बळावला तो प्रकाशकाच्या रकान्यामुळे, कारण तिथे एनव्हिडियाऐवजी 'ल्युनारजी' असे अनोळखी नाव दिसते. ही अमेरिकेतील कंपनी सॉफ्टवेअर लिहिणाऱ्यांसाठी व्हल्कनची साधने तयार करते, आणि सुरुवातीच्या काही वर्षांत ही लायब्ररी, म्हणजे प्रोग्रॅमना लागणाऱ्या तयार फाइलींचा संच, तिच्याच नावाने यादीत दिसत असे. शेजारचा तारखेचा रकानाही पाहा: दुरुस्तीवाल्याने ग्राफिक्स ड्रायव्हर बसवला त्याच दिवसाची तारीख व्हल्कनपुढेही आहे.

आई, संगणक संथ झाला आहे तो याच्यामुळे नव्हे. एखादा प्रोग्रॅम बोलावेपर्यंत ही लायब्ररी डिस्कवर नुसती पडून असते आणि तुझ्या फोटोंशी तिचा काहीही संबंध नाही. ती काढली तर संगणक बंद पडणार नाही, पण तिच्यावर विसंबलेले प्रोग्रॅम चालणार नाहीत आणि ती परत आणायला ड्रायव्हर पुन्हा बसवावा लागेल.

त्याखालचे 'फिजएक्स' हेही गेमसाठीच आहे. ते बनवणारी एजिया ही कंपनी एनव्हिडियाने २००८ मध्ये विकत घेतली. ते काढले तरी तुमचे काही अडणार नाही. संथपणाचे कारण मी दिवाळीला आल्यावर पाहीन. तोपर्यंत डिस्कमध्ये किती जागा शिल्लक आहे, तेवढे कळवा.

तुमची,
धाकटी