चाल कुणाची, तेही सांगा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

गेल्या महिन्यात ठाण्यातल्या एका नाट्यगृहात मराठी गाण्यांचा कार्यक्रम ऐकला. ‘आभाळमाया’चं शीर्षकगीत सुरू झालं आणि पहिल्याच ओळीला अख्खं सभागृह गुणगुणू लागलं. निवेदकाने मूळ गायिका देवकी पंडित यांचं नाव घेतलं, मालिकेतल्या कलाकारांची आठवण काढली, पहिल्या रांगेतल्या नगरसेवकांचे दोनदा आभार मानले. शब्द मंगेश कुळकर्णींचे आणि चाल अशोक पत्कींची, एवढं मात्र राहून गेलं.

साठी उलटल्यावर मी पेटी शिकायला लागलो, म्हणून मला हे जरा जास्तच टोचलं असेल. शीर्षकगीत बांधणं हे तसं अवघड काम. मिनिट-दीड मिनिटात मालिकेची जातकुळी कळली पाहिजे आणि रोज ऐकूनही चाल विटता कामा नये. ‘आभाळमाया’ १९९९ साली अल्फा मराठीवर (आताच्या झी मराठीवर) सुरू झाली. आमच्या नौपाड्यातल्या इमारतीत ते सूर कानावर आले की गॅस बारीक व्हायचा आणि मंडळी स्वयंपाकघरातून टीव्हीपुढे यायची. घड्याळ कोण बघतंय! पुढे पत्कींच्याच चालीतल्या ‘वादळवाट’ मालिकेच्या शीर्षकगीतानेही तेच केलं.

याच पत्कींनी सुमन कल्याणपूर यांच्यासाठी ‘केतकीच्या बनी’सारखं हळुवार भावगीत बांधलं आणि रंगभूमीवर ‘मोरूची मावशी’ची धमाल गाणीही दिली. १९८८ मध्ये दूरदर्शनवर आलेल्या ‘मिले सुर मेरा तुम्हारा’च्या संगीतातही त्यांचा मोठा वाटा. ‘अंतर्नाद’ या कोकणी चित्रपटासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो वेगळाच. शिवाय जिंगल्स, म्हणजे जाहिरातींची छोटी गाणी, त्या तर मोजायच्याच नाहीत. मला वाटतं, त्यांच्या शीर्षकगीतांची तालीम तिथेच झाली असावी. पहिल्या चार सुरांत ऐकणारा अडकला नाही, तर जिंगल फुकट.

आता मोबाइलवर मालिका बघताना शीर्षकगीत ओलांडून जायचं बटण असतं, त्यामुळे श्रेयनामावलीही आपसूक गळते. ते आपल्या हातात नाही. कार्यक्रमाचं निवेदन मात्र आहे. ठाण्यातल्या आयोजकांनी प्रत्येक गाण्यापुढे गीतकार आणि संगीतकाराचं नाव लिहिलेला कागद निवेदकाच्या हाती द्यावा, एवढीच विनंती. गाण्यामागे पाच सेकंद लागतील. नगरसेवकांचे आभार एकदाच मानले, तर तेवढे सहज निघतात.

– एक श्रोता, नौपाडा, ठाणे