चार्ल्स क्रायटन यांच्यावर लेख हवा

महोदय,

ब्रिटिश विनोदी चित्रपटांचा विषय निघाला की नटांचे भरभरून कौतुक होते. दिग्दर्शक चार्ल्स क्रायटन यांचे नाव मात्र क्वचितच कानी पडते, याची खंत वाटते. क्रायटन मूळचे संकलक. अलेक्झांडर कोर्डा यांच्या चित्रपटांवर त्यांचा हात बसला आणि नेमक्या क्षणी दृश्य तोडण्याची ती नजर पुढे ईलिंग स्टुडिओच्या विनोदपटांत उतरली. ‘द लॅव्हेंडर हिल मॉब’मध्ये (१९५१) चोरीचे सोने वितळवून त्याचे छोटे आयफेल टॉवर बनवतात. त्यातले काही चुकून शाळकरी मुलींना विकले जातात आणि दोघे चोर खऱ्या टॉवरच्या गोल जिन्यावरून गरगरत खाली धावत सुटतात. हसून मुरकुंडी वळते, भोवळही येते!

पुढची बरीच वर्षे त्यांनी ‘द अ‍ॅव्हेंजर्स’, ‘स्पेस: १९९९’ अशा दूरचित्रवाणी मालिकांचे भाग दिग्दर्शित केले. मग १९८८ मध्ये, सत्तरी केव्हाच उलटल्यावर, ‘अ फिश कॉल्ड वांडा’ आला. दिग्दर्शन आणि पटकथा, दोन्हींसाठी त्यांना ऑस्कर नामांकन मिळाले. आपल्या रविवार पुरवणीत त्यांच्यावर सविस्तर लेख यावा, ही विनंती.

– एक चित्रपटप्रेमी वाचक, सांगली